ओकचं फळ खाता येतं का?

गेल्या ऑक्टोबरात न्यू जर्सीहून भाचीचा व्हिडिओ कॉल आला. तिचा सहा वर्षांचा लेक दोन्ही मुठी भरून काहीतरी घेऊन कॅमेऱ्यासमोर आला. गुळगुळीत, तपकिरी, सुपारीएवढी पण जरा लांबट फळं, आणि प्रत्येकाच्या डोक्यावर एक खरखरीत टोपी. "आजी, हे अक्रोड आहेत ना? खाऊ?"

शाळेत त्याने 'ॲकॉर्न' ऐकलं होतं, घरी आई 'अक्रोड' म्हणते, त्याच्या कानाला दोन्ही एकच. अक्रोड ते नव्हतेच, ती ओकच्या झाडाची फळं होती. मागून भाची म्हणाली, "मावशी, अंगणात नुसता सडा पडलाय. खारी खातात, हरणं येऊन खातात. मग आपण का नाही खात? विषारी असतात का?"

परदेशात राहणाऱ्या बऱ्याच मराठी घरांना पानगळीच्या दिवसांत हा प्रश्न पडतो. थोडक्यात उत्तर असं: खाता येतात, आणि माणसाने ती हजारो वर्षं खाल्ली आहेत. पण झाडाखालून उचलून तोंडात टाकायचं हे फळ नाही. झाड आणि ताट यांच्यामध्ये पाण्याचं एक मोठं काम आहे. ते काम काय, ते का करावं लागतं आणि आपल्या स्वयंपाकघराला ते मुळीच नवं का नाही, हे इथे नीट सांगते.

आधी झाडाची ओळख

ओक हे आपल्याला आडनाव म्हणून जास्त माहीत. झाड म्हणून जो 'सिल्व्हर ओक' आपण रस्त्याच्या कडेला किंवा कॉफीच्या मळ्यात बघतो, तो ओक नव्हेच. तो मूळचा ऑस्ट्रेलियाचा, वेगळ्याच कुळातला. त्याला ही टोपीवाली फळं कधीच लागत नाहीत. खरा ओक सह्याद्रीत नैसर्गिकरीत्या उगवत नाही, त्यामुळे मराठीत या फळाला रुळलेलं नावही नाही. या लेखापुरतं त्याला 'ओकफळ' म्हणू.

भारतात खरा ओक बघायचा तर हिमालयात जावं लागतं. देवरिया ताल किंवा चोपत्याच्या बाजूला ट्रेकला गेलेल्यांनी तो पाहिलाच आहे. गढवाल-कुमाऊँमध्ये त्याच्या बांज, मोरू, खरसू अशा जाती आहेत. बांजाच्या फांद्या गुरांच्या चाऱ्यासाठी तोडतात, आणि जिथे बांज तिथे झऱ्याला पाणी असं तिथली माणसं सांगतात. मणिपूरमध्ये ओकच्या पानांवर टसर रेशमाचे किडे पोसतात. जगभरात ओकच्या चारशेहून जास्त जाती आहेत. चेस्टनट हा त्यांचा चुलतभाऊ, एकाच कुळातला. मग चेस्टनट भाजून सरळ खाल्ला जातो आणि ओकफळ नाही, असं का?

तुमच्या घरात ओक आधीच आलेला आहे

उत्तराकडे जायला एक आडवाट घेते, कारण ती आपल्या घरातूनच जाते.

बाळगुटीच्या डब्यात मायफळ असतं. हळकुंड, वेखंड, बाळहिरडा, मुरुडशेंग यांच्याबरोबर ती खडबडीत, करड्या रंगाची, लहान बोराएवढी गोटी. माझ्या आईने ती सहाणेवर उगाळून आम्हा सगळ्या भावंडांना चाटवली. बाळाला पातळ शी होत असली की मायफळाचा एखादा वेढा जास्त. (आता बालरोगतज्ज्ञ पहिले सहा महिने आईच्या दुधाशिवाय काहीच देऊ नका म्हणतात, आणि ते ऐकावं.)

नावात फळ असलं तरी मायफळ हे फळ नाही. ती ओकच्या झाडावरची गाठ आहे. तुर्कस्तान, सीरिया, इराणकडच्या एका ओकवर एक बारीक गांधीलमाशी कोवळ्या फांदीत अंडं घालते. अळीच्या भोवती झाड फुगतं आणि ही गोटी तयार होते. ती तुरट असते, पराकोटीची तुरट. चांगल्या मायफळाचा निम्म्याहून अधिक भाग एकाच प्रकारच्या द्रव्याचा असतो: टॅनिन. ओकफळ थेट खाता येत नाही, त्याचं कारणही हेच टॅनिन.

मायफळ आणि लोहाचा क्षार एकत्र केला की काळीभोर शाई होते. युरोपात कित्येक शतकं दस्तऐवज याच शाईने लिहिले गेले. आवळकाठी लोखंडी कढईत रात्रभर भिजवली की सकाळी पाणी शाईसारखं काळं झालेलं असतं, केसांना लावायला आपण ते वापरतो. तीही हीच क्रिया: झाडाचं टॅनिन आणि कढईचं लोखंड.

टॅनिन म्हणजे नेमकं काय करतं?

टॅनिन प्रथिनाला चिकटतं. बाकी सगळं याच एका वाक्यातून निघतं.

आपल्या लाळेत प्रथिनं असतात, त्यांच्यामुळे तोंड ओलसर आणि निसरडं राहतं. कच्चं केळं किंवा न पिकलेला चिकू खाल्ला की टॅनिन त्या प्रथिनांना धरतं, त्यांच्या गुठळ्या होतात, वंगण जातं. जीभ जड होते, गाल आत ओढल्यासारखे वाटतात. तोंड 'कोरडं' पडतं ते असं.

इथे मराठीचं मला फार कौतुक वाटतं. आपण कडू आणि तुरट या दोन वेगळ्या चवी मानतो, सहा रसांतले दोन वेगळे रस. कारल्याचा कडूपणा ही खरी चव आहे, जिभेवरच्या कळ्यांना कळते. तुरटपणा हा बराचसा स्पर्श आहे, तोंडभर जाणवतो. इंग्रजी लेखांत ओकफळाला सरसकट 'कडू' म्हणतात, त्यामुळे वाचणाऱ्याला कारलं आठवतं. आठवायला हवा हिरडा, कात, कच्ची सुपारी. ओकफळ थोडं कडूही असतं, पण त्याचा मुख्य दोष तुरटपणा.

कोरा चहा जिभेवर खरखरतो आणि दूध घातलं की मऊ लागतो, त्याचंही कारण हेच. दुधातलं प्रथिन चहातलं टॅनिन स्वतःकडे ओढून घेतं, मग जिभेच्या वाट्याला कमी येतं. आणि चामडं कमावणं म्हणजे तरी काय? बाभळीची साल, तरवड, हिरडा यांच्या पाण्यात कातडं मुरवायचं, म्हणजे टॅनिन कातड्यातल्या प्रथिनाला घट्ट धरतं आणि ते कुजत नाही. युरोपात हेच काम ओकच्या सालीने केलं. जुन्नर-आंबेगावच्या डोंगरात आदिवासी माणसं जो हिरडा वेचतात, त्याला बाजारात भाव मिळतो तो त्यातल्या टॅनिनमुळेच.

झाड हे सगळं आपल्यासाठी करत नाही, हे उघड आहे. किड्याने, उंदराने, हरणाने आपलं बी फस्त करू नये म्हणून त्याने ते तुरट केलेलं असतं.

मग ते विष आहे का?

कुणाच्या पोटात जातं त्यावर ते ठरतं.

गाय, बैल, घोडा, मेंढी यांना ते खरंच मारू शकतं. गुरांच्या पोटातले जंतू टॅनिन फोडतात, त्यातून निघणारे पदार्थ मूत्रपिंडावर घाला घालतात. इंग्लंडच्या न्यू फॉरेस्ट भागात गुरं आणि घोडी मोकळी चरतात. तिथे शरदात ओकफळं गळू लागली की काही आठवडे मुद्दाम डुकरं जंगलात सोडतात. डुकराला ती पचतात, ती जमीन साफ करतात आणि गुरांचा धोका कमी होतो. ही रीत तिथे कित्येक शतकं चालू आहे. कुत्र्यालाही ओकफळं बाधतात. घरात कुत्रा असेल तर अंगणातली गोळा करून टाकलेली बरी.

माणसाचं गणित वेगळं. एखादं कच्चं फळ चावलं तर तोंड वाकडं होईल आणि बहुतेकजण थुंकून टाकतील, इतकंच. मूठमूठभर कच्ची खाल्ली तर मळमळ, पोटदुखी, बद्धकोष्ठ असा त्रास होऊ शकतो. सतत टॅनिन पोटात जात राहिलं तर अन्नातलं लोह अंगी कमी लागतं. जेवणावर लगेच चहा पिऊ नका असं डॉक्टर सांगतात, तेही यासाठीच. म्हणून भाचीला पहिल्याच दिवशी सांगितलं, लेकाला कच्चं खाऊ देऊ नकोस. घाबरून दवाखाना गाठण्यासारखंही काही नाही. लहानग्याच्या घशात अख्खं फळ अडकेल, ही भीती मला टॅनिनपेक्षा जास्त वाटते.

टॅनिन घालवायचं कसं? १,१८५ उखळांचा खडक

टॅनिन पाण्यात विरघळतं. बारीक केलेला गर पाण्यात ठेवला, पाणी ओतून दिलं, नवं घातलं, असं पुन्हा पुन्हा केलं की ते निघून जातं. मागे राहतो पिठूळ, थोडा तेलकट, गोडसर गर.

ही युक्ती माणसाने किती मोठ्या प्रमाणावर वापरली ते बघायचं तर कॅलिफोर्नियात जायला हवं. सिएरा नेवाडा पर्वताच्या पायथ्याशी पाइन ग्रोव्ह गावाजवळ एक पसरट खडक आहे. तिथले मूळ रहिवासी मिवोक लोक त्या जागेला चावसे म्हणतात. त्या एका खडकात १,१८५ उखळं आहेत. ती कुणी छिन्नी-हातोडीने पाडली नाहीत. पिढ्यान्‌पिढ्या बायका तिथे बसून ओकफळं कुटत राहिल्या आणि दगड झिजत गेला. आपल्याकडच्या जुन्या वाड्यातलं एक उखळ डोळ्यांसमोर आणा आणि तशी अकराशे एकाच कातळावर. मला तो आकडा वाचून कितीतरी वेळ पुढचं काही वाचवेना.

मिवोक, पोमो, योकुट्स आणि कॅलिफोर्नियातल्या इतर अनेक मूळ समाजांचं ओकफळ हे रोजचं अन्न होतं. आपल्याकडे भात किंवा भाकरी, तसं. शरदात वेचायचं, वाळवायचं, उंच कणग्यांत साठवायचं. लागेल तसं फोडून, सोलून, कुटून, टोपलीत पाखडून पीठ करायचं. मग ओढ्याकाठी वाळूत उथळ खळगा करून त्यात पीठ पसरायचं आणि वरून पाणी सोडत राहायचं. पाणी वाळूत झिरपताना टॅनिन घेऊन जायचं. बोटाने चाखत राहायचं, तुरटपणा गेला की थांबायचं. त्यांची मडकी नव्हती, टोपल्या होत्या, इतक्या घट्ट विणीच्या की पाणी गळत नसे. टोपलीत पीठ आणि पाणी घालून विस्तवात तापवलेले दगड त्यात सोडायचे, सतत ढवळायचं, आणि टोपलीतच पेज शिजायची.

१८४८ मध्ये तिथे सोनं सापडलं, पुढच्या वर्षी लोंढे आले. या माणसांची गावं उठवली गेली, ओक तुटले, जंगल जपण्यासाठी ते जमिनीवरचा पालापाचोळा ठरवून जाळत असत तेही बंद पाडलं गेलं. तरी विद्या पुरती गेली नाही. कॅलिफोर्नियातल्याच योसेमिटी राष्ट्रीय उद्यानात ल्यूसी टेलेस यांनी ती आपल्या नातसुनेला, ज्युलिया पार्कर यांना दिली, आणि ज्युलियाबाईंनी पुढे अनेक दशकं योसेमिटीच्या संग्रहालयात येणाऱ्या माणसांना ओकफळाचं पीठ करून दाखवलं.

आपल्याकडे हे परकं वाटायचं कारण नाही. सह्याद्रीतल्या आदिवासी पाड्यांवर कडूकंद असाच खातात: चकत्या करायच्या, राखेच्या पाण्यात उकळायच्या, वाहत्या पाण्यात ठेवायच्या आणि मगच खायच्या. सुरण खाजतो म्हणून आपण चिंच किंवा आमसूल घालतो. बिब्ब्याचं तेल अंगावर उततं, पण आतली गोडंबी आपण लाडवात घालतो. खाण्याजोगं काय, हे पुष्कळदा फळापेक्षा हात ठरवतात.

कोरियातला चीक

ओकफळ आजही दुकानात विकत मिळतं आणि हौसेने खाल्लं जातं, असा देश कोरिया. तिथे ओकफळाला दोतोरी म्हणतात आणि त्याच्या वडीला दोतोरी-मुक. त्याची कृती वाचली आणि मला आमचं उन्हाळ्यातलं अंगण आठवलं.

कुरडयांसाठी आपण गहू तीन दिवस भिजवतो, रोज पाणी बदलतो, वाटतो, चोथा काढतो, चीक खाली बसू देतो, वरचं पाणी अलगद ओतून देतो आणि तो चीक शिजवतो. दोतोरी-मुकची रीत जवळपास हीच. ओकफळाचा गर वाटायचा, पाण्यात ठेवायचा, गाळायचा, सत्त्व खाली बसलं की वरचं तांबूस पाणी टाकायचं, हे अनेकदा करायचं. सत्त्व वाळवलं की पूड होते. एक वाटी पुडीला पाच-सहा वाट्या पाणी घेऊन घाटत शिजवायचं, ताटात ओतायचं, थंड झालं की वड्या कापायच्या. तपकिरी, लवलवीत, चिकाच्या वडीसारख्या. वरून सोया सॉस, तिळाचं तेल, कांद्याची पात, मिरची. चव अगदी सौम्य, शेवटी किंचित तुरटपणाची आठवण. एके काळी ते दुष्काळातलं अन्न होतं, आता लोक आवडीने खातात.

न्यू जर्सीत कोरियन वस्ती मोठी आहे. म्हणून भाचीला पहिला सल्ला हाच दिला: आधी कोरियन दुकानात जा, दोतोरी-मुकची पूड आण, चव आवडते का बघ. आठ दिवस खपण्याआधी हे केलेलं बरं.

इतकं चांगलं असतं तर त्याची शेती का झाली नाही?

ही शंका रास्त आहे. शंभर ग्रॅम कच्च्या ओकगरात सुमारे ३८७ कॅलरी, ४१ ग्रॅम कर्बोदकं, २४ ग्रॅम स्निग्ध पदार्थ आणि ६ ग्रॅम प्रथिनं असतात. धान्य आणि शेंगदाणा यांच्या मधलं काहीतरी. ग्लूटेन, म्हणजे गव्हातलं चिकट प्रथिन, नाही. नांगरट नाही, पेरणी नाही, झाड शेकडो वर्षं जगतं. आणि माणसाला त्याची ओळख फार जुनी: मोरोक्कोतल्या ताफोराल्त गुहेत सुमारे पंधरा ते साडेतेरा हजार वर्षांपूर्वीची जळकी ओकफळं सापडली आहेत, म्हणजे शेती सुरू होण्याच्याही आधीची. तिथल्या सांगाड्यांचे निम्म्याहून अधिक दात किडलेले होते. पिठूळ, चिकट ओकफळं सतत खाल्ल्याचा तो परिणाम असावा, असं २०१४ मध्ये संशोधकांनी मांडलं. ग्रीसमधल्या आर्केडियाच्या लोकांना तर डेल्फीच्या मंदिरातल्या देववाणीने 'ओकफळं खाणारे' म्हटल्याचं प्राचीन ग्रीक इतिहासकार हिरोडोटसने लिहून ठेवलं आहे.

तरीही ओक शेतात आला नाही. बदामाशी तुलना केली की कारण कळतं. रानातला बदाम कडू आणि खरोखर विषारी असतो. पण बदामाचा कडूपणा मुख्यतः एकाच जनुकावर अवलंबून असतो. (जनुक म्हणजे आईबापांकडून आलेली शरीराच्या एखाद्या गुणाची सूचना.) क्वचित एखाद्या झाडात ती सूचना बदलते, झाड गोड निपजतं, त्याचं बी लावलं तर पुढची बरीच झाडंही गोड येतात. माणसाने तशी झाडं निवडली आणि बदामाच्या बागा झाल्या. ओकचा तुरटपणा असा एका जनुकाच्या हातात नसावा असं मानलं जातं. तुलनेने गोड फळाचं झाड सापडलं तरी त्याची लेकरं तशीच निघतील याची खात्री नसते.

शिवाय ओकला फळ धरायला दहा-वीस वर्षं, काही जातींना त्याहूनही जास्त लागतात. आजोबांनी लावायचं आणि नातवाने खायचं. आंबा आपण असा लावतो, हे खरं. पण आंब्याला कलम असतं, आणि आंबा चुकून गोड निघाला की नातू धन्य होतो. इथे आठ दिवस पाणी बदलायचं काम उरतंच. गहू-तांदूळ हाताशी आल्यावर माणसाने तो व्याप सोडला, यात नवल नाही.

स्पेनने वेगळा मार्ग काढला: फळ डुकराला घालायचं आणि डुक्कर आपण खायचं. नैर्ऋत्य स्पेनमध्ये विरळ ओकवनांत इबेरियन जातीची काळी डुकरं शरदापासून हिवाळ्यापर्यंत मोकळी चरतात. त्या मांसाचा खारवलेला हॅम जगात सर्वांत महागड्यांपैकी एक. तिथल्या काही ओकची फळं मात्र इतकी कमी तुरट असतात की माणसंही ती भाजून खातात. शेजारच्या पोर्तुगालात दुसऱ्या एका ओकची साल दर नऊ वर्षांनी सोलतात, बाटल्यांची बुचं त्याची.

घरी करून बघायचंच असेल तर

आधी पान बघा. ढोबळ मानाने ओकचे दोन गट. पानाच्या कडेचे फाटे गोल असतील तर तो पांढऱ्या ओकचा गट, टॅनिन तुलनेने कमी. फाटे टोकदार आणि टोकाला बारीक केस असेल तर तांबड्या ओकचा गट, टॅनिन जास्त, तेलही जास्त. भाचीने पानाचा फोटो पाठवला तो टोकदार निघाला. न्यू जर्सीचा राज्यवृक्षच तांबडा ओक आहे, तेव्हा हे अपेक्षितच होतं. तुरट असलं तरी बिघडत नाही, दिवस जास्त लागतात एवढंच.

फळं वेचताना हिरवी, भोक पडलेली आणि काळी डागाळलेली सोडून द्यायची. भोक म्हणजे आतली अळी बाहेर पडून गेली. घरी आणून बादलीत पाण्यात टाकायची. तरंगतील ती किडकी किंवा पोकळ, बुडतील ती ठेवायची. आठवडाभर वाळवली की कवच सहज फुटतं. आतल्या गरावर शेंगदाण्यासारखं पातळ साल असतं, तेही जमेल तितकं चोळून काढायचं, त्यात टॅनिन फार.

मग मिक्सरमधून गर भरपूर पाण्याबरोबर काढायचा, मोठ्या काचेच्या बरणीत भरायचा आणि बरणी फ्रीजमध्ये. बाहेर ठेवलं तर आंबतं. दिवसातून एक-दोनदा वरचं पाणी हळूच ओतून नवं भरायचं. पाणी नितळ दिसलं म्हणून थांबायचं नाही. चिमूटभर गर चावून अर्धा मिनिट थांबायचं. जीभ ओढली गेली नाही तर काम झालं. तीन दिवस लागतात, कधी दहाही.

घाई असेल तर उकळूनही टॅनिन काढता येतं, चार-पाच वेळा पाणी बदलून. पण उकळलं की पिठातला चिकटपणा जातो. आमटीत, सुक्या भाजीत घालायला ते चालतं. भाकरी थापायला थंड पाण्याचीच रीत बरी. तरीही ग्लूटेन नसल्यामुळे नुसत्या ओकपिठाची भाकरी फाटते. थालीपिठाच्या भाजणीत पाव हिस्सा घातलं तर जमतं. पीठ वाळवून फ्रीजरमध्ये ठेवायचं, तेलामुळे ते बाहेर खवट होतं. लोखंडी तव्यावर ते काळपटलं तर घाबरायचं नाही. आवळकाठी आठवा.

सुकामेव्याची ॲलर्जी असलेल्यांनी या वाटेला जाऊ नये. औषध मारलेल्या अंगणातली आणि मोठ्या रस्त्याकडेची फळं घेऊ नयेत. सार्वजनिक उद्यानात वेचायला परवानगी आहे का, ते आधी विचारावं.

खारींच्या तोंडचा घास काढतोय का आपण?

हा प्रश्न भाचीच्या लेकाने विचारला, आणि मला तो सगळ्यांत आवडला.

ओक दरवर्षी सारखा फळत नाही. काही वर्षं जेमतेम, आणि मग एखाद्या वर्षी परिसरातले सगळे ओक एकदम लगडतात. एका झाडाखाली हजारो फळं. अशा वर्षी खाणाऱ्यांनी कितीही खाल्लं तरी थोडी उरतातच, आणि उरलेली रुजतात. हडकुळ्या वर्षी खाणाऱ्यांची संख्या घटते, भरल्या वर्षी तिला पुरून उरायचं, असा तो हिशेब.

खारीही काही कमी नाही. पांढऱ्या ओकचं फळ पडल्यावर लगेच अंकुरतं, म्हणून करडी खार ते बहुधा तिथेच खाते, किंवा दाताने अंकुराचा कोंब कुरतडून मग पुरते, म्हणजे ते उगवणार नाही आणि हिवाळाभर टिकेल. तांबड्या ओकचं फळ वसंतापर्यंत झोपून राहतं, ते ती तसंच जमिनीत पुरून ठेवते. पुरलेल्यांतली काही विसरते. पुष्कळ ओक असे खारीच्या विसराळूपणातून उभे राहिलेले आहेत.

फळांचा पूर फक्त खारीपाशी थांबत नाही. न्यू यॉर्क राज्यात रिक ऑस्टफेल्ड आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी वर्षानुवर्षं नोंदी ठेवून दाखवलं की ओक भरभरून फळला की पुढच्या उन्हाळ्यात पांढऱ्या पायाचे रानउंदीर वाढतात, आणि त्याच्या पुढच्या वर्षी लाइम रोगाचे जंतू बाळगणाऱ्या गोचिड्या वाढतात. लाइम हा गोचीड चावून होणारा, ताप आणि सांधेदुखी आणणारा आजार आहे, आणि न्यू जर्सी त्याच पट्ट्यात येतं. म्हणून भाचीला सांगितलं, यंदा सडा पडला आहे ना, तर येणाऱ्या दोन वर्षांत लेक अंगणात खेळून आला की कानामागे, गुडघ्यामागे, केसांत नीट बघत जा.

खारींचं म्हणाल, तर भरल्या वर्षी एका घराने एक टोपलीभर घेतली म्हणून त्या उपाशी राहत नाहीत. हडकुळ्या वर्षी मात्र घेऊ नये. कोरियातही राष्ट्रीय उद्यानांतून ओकफळं वेचायला बंदी आहे, ती तिथल्या प्राण्यांसाठीच.

लेकाने दोन बरण्या लावल्या आणि रोज शाळेतून आला की पाण्याचा फोटो मला पाठवला. पहिल्या दिवशी कडक कोऱ्या चहासारखं, चौथ्या दिवशी फिकट, आठव्या दिवशी जवळजवळ नितळ. नवव्या दिवशी थालीपीठ झालं. भाचीच्या मते चव नाचणीच्या जवळची, थोडी भाजक्या दाण्यासारखी. त्याने दोन खाल्ली, तुपाबरोबर. बादलीत तरंगली म्हणून बाजूला काढलेली किडकी फळं त्याने पहिल्याच दिवशी परत झाडाखाली नेऊन ओतली होती. दुसऱ्या दिवशी शाळेतून येऊन बघतो तर तिथे फक्त टोप्या उरल्या होत्या.